डिंकताईनं सोडलेला डाव

धुकं काही केल्या हलायचं नाव घेत नव्हतं. काल सकाळी गच्चीवर टाकलेल्या चादरी आजही दोऱ्यांना तशाच लोंबत होत्या, उलट कालच्यापेक्षा जड. ताईनं एका चादरीचा कोपरा गालाला लावून पाहिला. ओल कळायला तिला गालच लागायचा. सगळा जन्म गरम पाण्यात आणि वाफेत गेल्यानं बोटांना ओलंकोरडं, गरमगार सगळं सारखंच झालं होतं. गालाला गार लागलं. तिनं कोपरा सोडून दिला आणि हात हलवत खाली आली.

खाली लॉन्ड्रीत बॉयलर धुसफुसत होता. हॉटेलांची गाठोडी दारापासून भिंतीपर्यंत रचलेली, आणि त्यांच्या मधोमध इस्त्रीवाले काका आपल्या टेबलापाशी उभे. हा माणूस ताईच्या लहानपणापासून तिथंच उभा होता. त्याला बसलेलं कुणी पाहिलं नव्हतं.

“वाळल्या?”

“नाही.”

“मग हॉटेलात कळव, पाहुण्यांना आज एकमेकांनाच पांघरा म्हणावं.”

ताईनं ओठ हलवले. जिथं हसायचं असतं तिथं ती हल्ली ओठ हलवायची. काकांचं तेवढ्यावर भागत असे. तिनं एक गाठोडं सोडलं आणि उशांच्या खोळींना खुणेचे दोरे घालायला बसली. लाल दोरा मोठ्या हॉटेलाचा, निळा बसस्टँडजवळच्या लॉजचा. सुई बोटात गेली तेव्हा तिला कळलं नाही. पांढऱ्या खोळीवर ठिपका उमटला तेव्हा कळलं.

“अगं, रक्त!” काका ओरडले. “गार पाण्यात टाक आधी. डाग बसेल.”

तिनं खोळ बादलीत टाकली. बोटाकडे दोघांपैकी कुणीच पाहिलं नाही.

बाहेर टेम्पो येऊन उभा राहिला आणि हॉर्न वाजला. धाकटा भाऊ. आज आप्पांना दवाखान्यात न्यायचा वार होता. आप्पांच्या दोन्ही किडन्या बसल्या होत्या. दिवसाआड यंत्राला जोडून त्यांचं रक्त साफ करून आणावं लागे. आप्पा त्याला रक्त धुवायला जाणं म्हणत. “जन्मभर मी लोकांचे कपडे धुतले,” ते नर्सला सांगायचे, “आता तुम्ही मला धुता. पण माझ्या गिऱ्हाइकाला मी असं सारखं सारखं बोलवत नव्हतो हो. डाग नाही निघाला तर सरळ सांगायचो, नाही निघत.”

नर्स हसायची. मागच्या खेपेला मात्र ती हसली नव्हती, कारण आप्पांनी त्याच आवाजात पुढे म्हटलं होतं, “पुढच्या खेपेला मी नाही येणार. आमच्या लेकीला एवढं समजावून सांगा.” नर्सनं डॉक्टरांना बोलावलं. डॉक्टर म्हणाले, त्यांचा तो हक्क आहे, पण घरच्यांनी एकदा एकत्र बसून बोला. ताई “बरं” म्हणाली होती. ताई सगळ्यालाच बरं म्हणायची.

ती वरच्या खोलीत गेली. आप्पा पलंगावर बसलेले होते, अंगात नुसती बंडी. बाहेर जायचा शर्ट खुंटीला तसाच होता. त्या शर्टाची डावी बाही ताईनं उसवून तिला बटणं लावली होती, सुया टोचायला हात चटकन मोकळा करता यावा म्हणून.

“शर्ट घाला, आप्पा. धाकटा आलाय.”

“आज नाही.”

“बरं. उद्या नाही म्हणा. आज चला.”

“आज नाही, उद्या नाही. मी परवाच सांगितलंय.”

ताईनं खुर्ची ओढली आणि त्यांच्या समोर बसली. नुसती बसली. याआधी दोनदा आप्पांनी असाच हट्ट धरला होता आणि दोन्ही वेळा ताई अशीच समोर बसून राहिली होती. शेवटी आप्पांनाच कंटाळा आला, त्यांनी शर्ट मागितला होता. बसून राहण्यात ताईला कुणी हरवलं नव्हतं. तिला डिंकताई म्हणत ते काही उगाच नाही.

आता लॉन्ड्रीवर येणाऱ्या गिऱ्हाइकांना हे नाव माहीत नाही. पण बुद्धिबळाच्या कुठल्याही जुन्या खेळाडूला विचारा. डिंकताई म्हटलं की तो आधी हसेल, मग पाठ चोळेल.

आप्पांची लॉन्ड्री एकेकाळी अर्धी लॉन्ड्री आणि अर्धा बुद्धिबळाचा क्लब होती. मागच्या खोलीत, बॉयलरच्या भिंतीला लागून, गाठोड्यांवर पट मांडलेले असायचे. थंडीत आसपासची निम्मी पोरं ऊब घ्यायला म्हणून यायची आणि जाताना घोडा कसा चालतो ते शिकून जायची. आप्पा पहिल्या दिवशी सोंगट्यांना हात लावू देत नसत. पहिला धडा डाव सोडायचा. घड्याळ थांबवायचं, उजवा हात पुढे करायचा, समोरच्याच्या डोळ्यांत बघायचं आणि “छान खेळलात” म्हणायचं. मान पाडायची नाही, सोंगट्या ढकलायच्या नाहीत. “हरलेला डाव ओढत बसायचं म्हणजे समोरच्याला तोंडावर सांगायचं, की बाबा, तुला जिंकता येत नाही,” आप्पा म्हणत. “असला अपमान आपल्या क्लबातलं पोर करणार नाही.” मग पोरं एकमेकांसमोर उभी राहून न खेळलेले डाव सोडायचा सराव करायची. हात पुढे, छान खेळलात. हात पुढे, छान खेळलात. एखाद्याच्या हसण्याचा फुगा फुटला की सगळ्यांनी पहिल्यापासून.

हा धडा ताईला सगळ्यांत चांगला यायचा. खेळायलाही तीच सगळ्यांत चांगली निघाली. वीस वर्षांचीही नव्हती तेव्हा राष्ट्रीय स्पर्धेच्या शेवटच्या फेरीला ती सगळ्यांच्या पुढे होती. तो डाव जिंकायचीही गरज नव्हती. बरोबरी झाली असती तरी अजिंक्यपद तिचं.

समोर दोन वेण्यांची एक मुलगी होती. त्या मुलीचं प्यादं वजीर व्हायला एक घर उरलं, आणि ताईकडे एक हत्ती, काही अडकलेली प्यादी आणि कोपऱ्यात कोंडलेला राजा. वजीर झाला की संपलं. ताईनं पटाकडे एकदा पाहिलं, घड्याळ थांबवलं, हात पुढे केला, डोळ्यांत पाहिलं. “छान खेळलात.” दोरीपलीकडे उभ्या असलेल्या आप्पांनी मान डोलावली.

सह्या झाल्यावर पंच घड्याळ उचलायला आला. पटाकडे बघत उभा राहिला आणि सहज बोलून गेला, “हत्ती देऊन टाकला असता तर?”

सगळ्यांनी पाहिलं. ताईनंही पाहिलं. तिच्या राजाला हलायला एकही घर नव्हतं. प्यादीही हलत नव्हती. हत्ती समोरच्या राजाला खेटून नेऊन शह दिला असता आणि त्या राजानं तो खाल्ला असता, तर ताईच्या राजाला शह नाही आणि खेळायला चालही नाही. म्हणजे डाव बरोबरीत. नसता खाल्ला, तर तो हत्ती पिसाळल्यासारखा शहामागून शह देत राजाला पटभर पळवत राहिला असता. तेव्हाही बरोबरीच. दोन्हीकडून अजिंक्यपद ताईचं. त्या पटावर तिला हरणं जवळजवळ अशक्य होतं. ती हरली ती चांगल्या वळणामुळे.

दोन वेण्यांची मुलगी पुढे ग्रँडमास्टर झाली. पण ताईचा तो डाव तिच्यापेक्षा जास्त फिरला. पुस्तकांत आला, पेपरातल्या कोड्यांत आला. पटाचं चित्र, आणि खाली: काळ्यानं इथं डाव सोडला, तुम्ही काय खेळाल? आजही कुठल्याही क्लबात पहिल्या वर्षाची पोरंसुद्धा ते कोडं सोडवतात. एकदा काकांनी कुणाचे तरी शर्ट बांधायला घेतलेल्या रद्दीत नेमकं तेच चित्र निघालं. “हे बघ, तुझा पट,” काका कौतुकानं म्हणाले. ताईनं त्या कागदाच्या घड्या घातल्या, शर्टांना गुंडाळला, वरून दोरा बांधला. तिला काही वाटलं नाही. आधीही वाटलं नव्हतं. त्या दिवशी पंचानं विचारलं तेव्हा तिच्या आत काहीतरी बंद झालं, दुपारची वीज जावी तसं, आणि कुणी तपासायलाही गेलं नाही.

त्यानंतर मात्र तिनं एकही डाव सोडला नाही. कधीच नाही. वजीर गेला तरी बसून, दोन्ही हत्ती गेले तरी बसून, पटावर एकटा राजा उरला तरी बसून. मात होईपर्यंत. तिच्याशी डाव लागला की खेळाडू म्हणायचे, “उद्या डिंकाशी आहे रे, उशी घेऊन जातो.” एका मोठ्या विजेत्या बाईनं तिच्याविरुद्ध दोन दोन वजीर केले, आणि कंटाळून असा एक घाईचा हात मारला की ताईच्या राजाला हलायला घरच उरलं नाही. बरोबरी. ती बाई पटावरच रडली. असे अर्धे अर्धे गुण गोळा करत ताई दोनदा राष्ट्रीय अजिंक्य झाली, देशाच्या संघातून दोनदा बाहेर खेळून आली. तिच्या खेळावर लिहिणाऱ्यांनी “अपार चिकाटी” असं लिहिलं. आप्पांनी वेगळं म्हटलं. पहिला करंडक घेऊन ती घरी आली त्या संध्याकाळी ते म्हणाले, “जिंकलीस, छान झालं. पण कुणाच्या घरी पाहुणा यावा, यजमान जांभया देतोय, दिवे मालवतोय, तरी ह्यानं उठू नये, तशी खेळलीस.” मग ते तिचे डाव बघायला गेले नाहीत.

भांडण असं झालं नाही. आई गेली, लॉन्ड्रीला माणूस हवं होतं, ताई बॉयलरपाशी उभी राहिली ती राहिलीच. क्लबाच्या खोलीत हॉटेलच्या चादरी आल्या. बापलेक एका छपराखाली राहिले, एका ताटलीतलं खाल्लं, पण पट काही पुन्हा मांडला नाही. डाव संपला की दोघांनी मिळून तो पुन्हा मांडायचा, इथं हे खेळलो असतो तर काय, तिथं ते खेळलो असतो तर काय, असं बघायची खेळाडूंची रीत असते. वैऱ्यासोबतही बघतात. त्या एका डावाचं ते बघणं मात्र या घरात राहून गेलं होतं.

खाली पुन्हा हॉर्न वाजला. मग जिन्यावर पावलं, आणि धाकटा दारात.

“काय, आप्पा? चला, नाहीतर डिंकताई पलंगासकट नेईल उचलून.”

“तू खाली थांब,” आप्पा म्हणाले. “टेम्पो बंद कर. डिझेल फुकट नाही येत.”

“ताई?”

“थांब खाली,” ताई म्हणाली.

तो गेला. आप्पा भिंतीला टेकले. डावा हात मांडीवर पालथा ठेवलेला, कोपराखाली यंत्राच्या सुयांसाठी ऑपरेशननं जोडून घेतलेली शीर सुजून दोरखंडासारखी झालेली. ताई रोज सकाळी त्या शिरेला कान लावायची. आत रक्ताची घरघर ऐकू आली म्हणजे हात चालू आहे. हल्ली ती घरघर लांबून यायची.

“तू बसून राहशील,” आप्पा म्हणाले. “मला माहीत आहे. आणि मी उठेन, कारण तुला असं बसलेलं बघवत नाही. मग परवा पुन्हा हेच. त्यापेक्षा असं कर. आपण बघू या.”

“काय बघायचं?”

“डाव. माझा. पोरी, तू तेव्हा सोडलास तेव्हा बघितलं नव्हतंस. बघून सोडला असतास तर गोष्ट वेगळी. मी रोज बघतोय. तू एकदा माझ्याबरोबर बघ. सापडला कुठं हत्ती, तर शर्ट घालतो, गपचूप येतो. शब्द.”

ताईनं खुर्ची थोडी पुढे ओढली.

“दुसरी किडनी,” ती म्हणाली.

“माझ्या वयाला आणि असल्या हृदयाला कोण बसवेल? डॉक्टरांनी स्वच्छ सांगितलं. तू होतीस तिथं.”

“पोटातून रक्त साफ करतात ते.”

“पोटाची दोन ऑपरेशनं झालीत. चिकटलंय आत सगळं. हेही सांगितलं. पुढचं बोल.”

“मोठ्या दवाखान्यात दाखवू.”

“दाखवलं. गेल्या उन्हाळ्यात. तिथल्या माणसाला टाय होता, एवढाच फरक.”

ताईच्या ओठांना काही झालं नाही. ती मान वर न करता बघत होती, पटाकडे बघावं तशी त्यांच्या गुडघ्यांकडे.

“आठवड्यातनं एकदाच जाऊ.”

“तेही केलं. पाणी चढलं छातीत. तू मला बसवून पाठ चोळत होतीस.”

“हाताची शीर गेली तर मांडीत नवीन करतात.”

“करतात. आणि मांडीतनं किती दिवस? आणि ते दिवस कसले? यंत्रावरून उठतो तेव्हा मला घर कुठलं ते कळत नाही. सगळा दिवस झोपतो, रात्रभर खाजवतो, सकाळ झाली की पुन्हा टेम्पो. हे खेळणं नाही. ह्याला घड्याळ चालू ठेवणं म्हणतात.”

ताईनं आणखी एक चाल शोधली, मनातच खेळून पाहिली, मनातच ती मोडली. मग आणखी एक. जुन्या सवयीनं तिनं प्रत्येक घर पाहिलं, ज्या घरात जाण्यात अर्थ नाही तेही. यापूर्वी दोन्ही वेळा ती इथं नुसती बसली होती, बघितलं नव्हतं. बसून राहिलं की समोरचा चुकतो, एवढंच तिला ठाऊक होतं. समोरचा कोण, हे तिनं पाहिलं नव्हतं.

“मी समोरची नाही, आप्पा,” ती म्हणाली. “मी तुमच्या बाजूची आहे.”

“मग बाजूच्यासारखी सांग. आहे हत्ती?”

बाहेर कुणीतरी सायकलची घंटी वाजवत धुक्यातून गेलं.

“नाही,” ताई म्हणाली.

“नीट बघितलंस?”

“बघितलं. नाही.”

आप्पांनी सुस्कारा सोडला. फार मोठं गाठोडं कुणीतरी दुसऱ्या बाजूनं उचललं की सोडतात तसा. मग उजवा हात पुढे केला. ताईनं तो हातात घेतला. तिच्या बोटांना तो गरमही लागला नाही आणि गारही.

“नुसता हात नाही. तोंडानं म्हणायचं असतं. एवढं शिकवलंय.”

“छान खेळलात,” ती म्हणाली. गिऱ्हाइकाला तुमचे शर्ट तयार आहेत म्हणून सांगावं, त्या आवाजात.

“पाणी दे आता. भरून भांडं दे. दवाखान्याच्या हिशेबानं घोटभर घोटभर पिऊन वैताग आला होता.”

तिनं भांडं भरून दिलं. आप्पांनी दोन्ही हातांनी धरलं, मोठ्या हौसेनं तोंडाला लावलं आणि अर्ध्यावर थांबले. “सवय गेली,” ते म्हणाले आणि हसायला लागले. हसता हसता ठसका लागला. तिनं पाठ चोळली, त्यांना आडवं केलं, पांघरूण नीट केलं आणि खाली आली.

धाकटा टेम्पोला टेकून उभा होता.

“आणू का त्यांना?”

“नाही जायचं. आज पण नाही, पुढे पण नाही.”

“म्हणजे? त्यांनी सांगितलं आणि तू ऐकलंस? तू?” त्याचा आवाज चढला. “लोकांना रडवेपर्यंत बसायचीस तू! नुसता राजा घेऊन बसायचीस! आणि बापाच्या वेळेला उठलीस?”

ताई दारातच उभी होती.

“एकदा अशीच उठली होतीस पटावरून,” तो म्हणाला. “पेपरात येतं अजून.”

काकांची इस्त्री थांबली. त्यांनी ती उचलून बाजूला उभी केली.

“तेव्हा बघितलं नव्हतं,” ताई म्हणाली. “आज बघितलं. तू वर जा. तुला पण दाखवतील. तुला वाटेल ते विचार त्यांना, ते उत्तर देतील. पण ओरडू नकोस, दमलेत.”

धाकटा टेम्पोत जाऊन बसला, स्टिअरिंगवर हात ठेवून, काचेवर साठलेल्या धुक्याकडे बघत. बऱ्याच वेळानं उतरला आणि चपला जिन्याखाली काढून वर गेला.

ताईनं दवाखान्यात फोन लावला. नर्सनंच उचलला. “आज उशीर झाला का, ताई?”

“येणार नाही. त्यांनी सोडलं.”

नर्स म्हणाली, डॉक्टर घरी येऊन बघतील, त्रास होऊ नये म्हणून औषधं असतात, दम लागला तर कधीही फोन करा. ताई प्रत्येक वाक्याला बरं म्हणाली. शेवटी नर्स म्हणाली, “आप्पांना सांगा, त्यांची खुर्ची खिडकीजवळची होती ना, ती आता सगळे मागतील.”

“सांगते.”

फोन ठेवला. तिनं आपल्या आत एकदा पाहिलं, घरातून निघताना गॅस बंद आहे का पाहतात तसं. तिथं काही चालू नव्हतं. रडू यायचं असेल तर येईल कधीतरी, कुठंतरी, एखाद्या बसस्टॉपवर किंवा दात घासताना. आत्ता नव्हतं.

“काय ठरलं?” काकांनी विचारलं.

“आप्पा घरीच राहणार.”

काकांनी मान हलवली. आयुष्यात पहिल्यांदाच ते टेबलामागून बाहेर आले आणि एका गाठोड्यावर टेकले. त्यांचे गुडघे कडकडले. त्यांनी छताकडे पाहिलं. वरून धाकट्याचा आवाज येत होता, मग आप्पांचा, मग पुन्हा धाकट्याचा. शब्द ऐकू येत नव्हते. एकजण विचारत होता आणि एकजण सांगत होता, एवढंच कळत होतं.

“दुपारी हॉटेलचा माणूस येईल,” काका म्हणाले. “ओल्या तर ओल्या. इस्त्रीनं वाळवू.”

“आणते.”

ती वर गेली, आप्पांच्या खोलीपाशी न थांबता गच्चीवर गेली, आणि चादरी खांद्यावर टाकून आणल्या. पाणी निथळत नव्हतं, पण कापड अंगाला चिकटत होतं. पहिली चादर तिनं उलगडली. चादर घडी करायला दोन माणसं लागतात. काका उठले, पलीकडची दोन टोकं त्यांनी धरली, अलीकडची ताईनं.

“ओढ,” काका म्हणाले. “अजून. सुरकुती राहिलीय मध्ये.”

ताईनं ओढलं.